रुमालाखालचा भाव

शाळा सोडून कोकणातून कल्याणला आलो, तेव्हा म्हशींच्या एका व्यापाऱ्याने ओळख नसताना शब्द टाकून मला कोर्टासमोरच्या हॉटेलात कामाला लावलं. त्यांचं नाव विचारायचं धाडस मला झालं नाही. रुमालाखाली गिऱ्हाइकाची बोटं दाबून ते भाव ठरवत.

पुढे म्हशींपोटी एका तबेलेवाल्याने त्यांना दिलेला चेक बँकेतून परत आला. त्यांनी दावा लावला. तबेलेवाला म्हणाला, "भाव निम्माच ठरलेला, तो रोख दिला. चेक नुसता तारण होता."

न्यायाधीशांनी व्यापाऱ्याला विचारलं, "ठरलेला भाव आणखी कोणाला माहीत?"

"साहेब, कुणाला कळू नये म्हणूनच तर रुमाल."

कोर्ट हसलं. दावा बुडाला.

ते हॉटेलात आले. आमच्याकडे दूध त्याच तबेल्यातलं. मी चहा ठेवला. घोट घेऊन ते म्हणाले, "दूध बाकी चांगलं देतात रे माझ्या म्हशी."