ज्येष्ठांसाठी ‘अभिसार’

“नाव बदलायचं नाही,” बिल्डरसाहेब म्हणाले. “गुरुजींनी ‘अ’ अक्षर काढून दिलंय. मुलीने नेटवर अर्थ बघितलाय. अभिसार म्हणजे सोबती.”

प्रोजेक्ट वारज्यातला, फक्त ज्येष्ठ नागरिकांसाठी. मी जाहिरात एजन्सीत कॉपीरायटर, म्हणजे होर्डिंगवरची वाक्यं लिहिणारी. एम.ए. मराठीत केलेलं, त्यामुळे गप्प बसवेना.

“सर, ‘अभि’ म्हणजे कोणाच्या तरी दिशेने. ‘सृ’ म्हणजे जाणं. आपण ‘पुढे सरा’ म्हणतो, त्यातलंच. अभिसार म्हणजे प्रियकराला चोरून भेटायला जाणं. जाते ती अभिसारिका. वाजू नयेत म्हणून पैंजण काढून ठेवते बिचारी.”

साहेबांनी तिथूनच गुरुजींना फोन लावला, स्पीकरवर.

“मी अक्षर दिलं. शब्द आपण आणलात,” म्हणून गुरुजींनी फोन ठेवला.

साहेब माझ्याकडे वळले. “शेख मॅडम, हल्ली कोणाला कळतंय हे?”

पुण्यात, आणि तेही ज्येष्ठांना! बाहेर आल्यावर आमचे बॉस म्हणाले, “तुझ्या या वादात क्लायंट गेला, तर तूही गेलीस.” मी खरंच घाबरले. निमूट लिहून दिलं: ‘उतारवयात हवा अभिसार’. खाली, ‘आमच्या संकेतस्थळाला भेट द्या’. प्रेमिकांनी भेटायला ठरवलेल्या जागेलाही संकेतस्थळच म्हणत. हे मात्र मी कोणाला सांगितलं नाही.

रविवारी होर्डिंग लागलं. सोमवारी बुकिंगचा फोन थांबेना. सगळे रिटायर्ड, सगळ्यांचा प्रश्न एकच: नाव ठेवणाऱ्याला अर्थ माहीत आहे का? फोन घेणारी सायली रडकुंडीला आली. साहेबांनी आम्हाला साइटवर बोलावून घेतलं. ते बॉसवर तापले, बॉस माझ्याकडे बघायला लागले. मी सायलीच्या हातून फोन घेतला. पलीकडे एक निवृत्त हेडमास्तर होते.

“अभिसार म्हणजे काय, हे आपणांस ठाऊक आहे?”

“आमच्या साहेबांना नाही हो, सर. आपण साइटवर येऊन त्यांना समजावून सांगाल का? गाडी पाठवते.”

हेडमास्तर पत्नीला घेऊन आले. त्यांनी साहेबांचा व्यवस्थित तास घेतला. तोवर बाईंनी सॅम्पल फ्लॅट पाहिला. स्वयंपाकघराला पूर्वेची खिडकी होती, ती त्यांना आवडली. जाताना बुकिंग झालं.

सायलीला मी तेच वाक्य पाठ करायला दिलं. दिवाळीपर्यंत इमारत भरली, माझी नोकरीही राहिली. परवा साहेबांचा फोन आला. “मॅडम, पुढच्या प्रोजेक्टला ‘क’ आलंय. असाच एखादा चुकीचा शब्द काढून ठेवा.”

पुण्यात बरोबर जाहिरात लोक वाचतात. चुकीची असली तर पत्ता शोधत येतात.