हशाचं वाक्य

'पुढचा सीन!' असं म्हणून ते दोन्ही हात लांब पसरायचे आणि फाटकन एक टाळी वाजवायचे. नको असलेला विषय निघाला की काकांचा हा ठरलेला उपाय. लंडनमध्ये पिनरला त्यांच्याकडे चहाला गेलेल्या प्रत्येकाने ती टाळी ऐकली आहे.

तसे गप्पांना विषय कमी नव्हते. साठच्या दशकात पुण्याहून आलेला हा माणूस इथल्या टीव्हीला मागाल ते लिहून देत असे. पोलिसांच्या मालिका, हॉस्पिटलातली प्रेमप्रकरणं, भुताचे सिनेमे आणि लहान मुलांसाठी एका बदकाच्या गोष्टी. बदकावर त्यांचा फार जीव. शुक्रवारी निर्मात्याचा फोन आला की सोमवारी काका नवा भाग त्याच्या हातात ठेवायचे. 'मी शिंपी आहे रे,' म्हणायचे, 'माप घ्यायचं आणि शिवून द्यायचं.'

टाळी वाजायची ती एकाच मालिकेवरून. सत्तरच्या दशकातली त्यांची ती विनोदी मालिका. तिच्यात एक हिंदुस्थानी बस कंडक्टर मान डोलावत दर वेळी एकच वाक्य बोलायचा आणि सगळा देश हसून लोळायचा. ते वाक्य मी इथे लिहिणार नाही. तुमच्यापैकी जे तेव्हा इथे शाळेत होते त्यांना ते पाठ असेल. मधल्या सुट्टीत कोणी ना कोणी ऐकवलंच असेल.

माझे बाबा त्या वेळी ब्रिस्टलला एका कारखान्यात फिटर होते. तिथे त्यांना नावाने कोणी हाक मारत नसे, ते वाक्यच म्हणत. बाबा हसायचे. घरी मात्र ती मालिका लागली की उठून टीव्ही बंद करायचे. आम्हा मुलांना त्यांचा राग यायचा.

हे मी काकांना कधी सांगितलं नव्हतं. दोन वर्षांपूर्वी इथल्या मराठी मंडळाने गणपतीत त्यांचा सत्कार केला. शाल-श्रीफळ झालं आणि मग कार्यकर्त्यांनी मोठ्या हौसेने पडद्यावर नेमका तोच कंडक्टर लावला. का, तर आपल्या माणसाने लिहिलेला! हॉल खदखदून हसला. काका शाल मांडीवर घेऊन खाली बघत बसले. स्टेजवर टाळी वाजवून विषय बदलायची काही सोय नव्हती.

घरी सोडताना गाडीत मला राहवलं नाही. बाबांचं सगळं सांगून टाकलं. वाटलं, आता 'पुढचा सीन' येणार. आला नाही.

"मग ते काय करायचे?" त्यांनी विचारलं.

"हसायचे."

"हसणारच. मी तेच धरून लिहिलं होतं," काका म्हणाले. "आपली माणसं भांडणार नाहीत, हसून घेतील, हे मला ठाऊक होतं. निर्मात्याला नव्हतं. लाज वाटते रे मला." दार उघडून उतरताना ते थांबले. "मी गेल्यावर ते वाक्य कोणी म्हणू नये, एवढं बघ. बदकाचं हवं तेवढं सांगा."

यंदाच्या हिवाळ्यात काका गेले. त्यांच्या मुलीला मी ही इच्छा सांगितली. ती इथेच जन्मलेली. "पण अंकल, बाबांचा तोच लाइन तर सगळ्यांना माहिती आहे," म्हणाली. हिरमुसली, तरी आपल्या भाषणातून तिने ते वाक्य काढलं. वॉटफर्डच्या स्मशानगृहात ती बदकाबद्दल फार छान बोलली.

मग काकांबरोबर काम केलेले एक वयस्कर इंग्रज गृहस्थ काठी टेकत पुढे आले. खरोखर रडत होते बिचारे. काकांसारखा मित्र पुन्हा मिळायचा नाही म्हणाले. आणि शवपेटीवर हात ठेवून, मान डोलावत, त्याच हेलात त्यांनी ते वाक्य म्हटलं. प्रेमानेच म्हटलं.

सगळे हसले. आमची मराठी मंडळी सर्वांत मोठ्याने. म्हातारबाबांनी डोळे पुसत पहिल्या रांगेत बसलेल्या माझ्याकडे पाहिलं. त्यांना वाईट वाटू नये म्हणून मी हसलो. शेजारी बसलेली काकांची मुलगी माझ्याकडे बघत राहिली.