अबीगेल मावशीनं तापवलेलं पाणी

रोनितचा फोन आला तेव्हा मी इस्रायलमध्ये पेताह तिक्वाच्या ऑफिसात होते. रोनित ही माझी मावसबहीण. जन्म इथल्याच किर्यात गातचा, त्यामुळे मराठी समजतं, पण बोलते हिब्रू. त्या दिवशी मात्र ती मराठीत म्हणाली, "आई गेली." ऊन उतरायच्या आत मावशीला मातीही दिली. त्याला आता सहा आठवडे झाले. दुखवट्याच्या सात दिवसांत घरात बायकांची रीघ होती, आणि रडता रडता प्रत्येकीला म्हाताऱ्यांच्या डे सेंटरमधला तो गरम पाण्याचा टब आठवत होता.

मावशी मूळची ठाण्याची. लग्नाआधी भायखळ्याच्या एका कारखान्यात गिझरच्या कॉइलची तार गुंडाळायची, पुढे तयार कॉइल तपासायच्या टेबलावर गेली. इस्रायलला आल्यावर किर्यात गातच्या कापड कारखान्यात शिवणाला बसली ती रिटायर होईपर्यंत. आधी काय करत होतीस, हे तिला इथं कोणी विचारलं नाही आणि तिनंही सांगितलं नाही.

मग तिच्या नवऱ्याला, सॅमसन काकांना, अर्धांगाचा झटका आला. उजवा हात गेला, मूठ आवळली ती सुटेना. जीभही जड झाली. डे सेंटरमध्ये उपचारासाठी मोठा टब होता. आठवड्यातून दोनदा त्या गरम पाण्यात बसवलं की अर्ध्या तासानं काकांची बोटं सैल व्हायची आणि ते मावशीचा हात धरायचे. "तेवढ्यासाठी मी आठवडा काढते गं," मावशी मला म्हणाली होती.

एका हिवाळ्यात पाणी तापेनासं झालं. मेकॅनिक येऊन सांगून गेला की हीटर जळलाय, मॉडेल जुनं आहे, पार्ट मिळणार नाही. सेंटरच्या मॅनेजरबाई ओर्ना यांनी टब काढून तिथं सामानाची खोली करायचं ठरवलं. तीन आठवड्यांत काकांची मूठ अशी घट्ट झाली की नखं तळव्यात रुतायला लागली. मावशी रोज त्यात कापसाचा बोळा सरकवायची.

मी रजा काढून तिच्याकडे गेले होते त्याच सकाळी मेकॅनिक टब सोडवायला येणार होता. मावशी म्हणाली, "चल माझ्यासंगती. वाचायचा चष्मा घे माझा."

मेकॅनिक चाळिशीचा, घाईतला. मावशीनं त्याला हिब्रूत विचारलं, "हीटर जळला हे कशावरून म्हणतोस? मीटर लावलास?"

"बाई, पाणी थंड आहे. आणखी काय बघायचं?"

"लाव मीटर."

ओर्नाबाईंनी मान हलवली म्हणून त्यानं मेन स्विच बंद केला, तारा सोडवल्या, मीटर लावला. आकडा आला. म्हणजे हीटरची कॉइल शाबूत होती! मग मावशीनं फिल्टर काढायला लावला, तो मळानं बरबटला होता. धुऊन बसवला, पंप सुरू केला, अर्धा तास थांबलो... पाणी थंडच. मेकॅनिक म्हणाला, आतलं सर्किट गेलं असेल. ओर्नाबाई घड्याळ बघायला लागल्या. माझा धीर सुटला. मावशी दुखरे गुडघे दाबत जमिनीवर बसली आणि पाइपावर हात ठेवून म्हणाली, "पाणी तर वाहतंय. पण वाहतंय हे हीटरला कळतं कसं?"

मेकॅनिकनं पाइपाकडे बोट केलं. "पाइपात एक छोटी पट्टी असते. पाण्यानं ती ढकलली की हीटर चालू होतो."

"काढ ती."

पुन्हा मेन स्विच बंद झाला. पट्टी निघाली ती पांढऱ्या क्षारांत चुन्यासारखी लिंपलेली. हलायला जागाच नव्हती तिला. मावशीनं सेंटरच्या स्वयंपाकघरातून व्हिनेगर मागवलं, पट्टी त्यात बुडवली, जुन्या टूथब्रशनं घासली, बोटानं टकटक हलवून बघितली. पट्टी परत बसवली, पंप सुरू झाला आणि हीटरचा लाल दिवा लागला. मावशी एवढ्या जोरात ओरडली की शेजारच्या खोलीतल्या म्हाताऱ्या काठ्या टेकत धावत आल्या!

दुपारी चारला पाण्यातून वाफ निघत होती. काकांना हळूच आत उतरवलं. आम्ही सगळ्या काठावर उभ्या. आधी करंगळी सुटली, मग तिच्या शेजारचं बोट... कापूस पाण्यावर तरंगत आला. काकांनी मावशीचा हात धरला, बऱ्याच प्रयत्नांनी म्हणाले, "अबी... पास." कारखान्यात तपासलेल्या कॉइलवर ती हाच शिक्का मारायची. काठावरच्या बायकांना त्यातलं काही कळलं नाही, तरी टाळ्या त्यांनीच वाजवल्या.

मेकॅनिकनं तिला विचारलं, "हे कुठं शिकलात?"

"बॉम्बे. भायखळा," मावशी म्हणाली. ताठ मानेनं, जसं काही हा प्रश्न यायची ती वर्षानुवर्षं वाट बघत होती. पुढे तो माणूस अडला की तिला फोन करायचा.

काका त्यानंतर चार वर्षं जगले, आणि पाणी एकदाही थंड पडलं नाही.

परवा रोनितला घेऊन मी सेंटरमध्ये गेले. टबात तिघी बसल्या होत्या, गप्पा जोरात चालू होत्या. पंपाच्या वर मावशीच्या हातचा कागद चिकटवलेला आहे, मराठीतला: 'दर महिन्याला पट्टी व्हिनेगरनं धुणे. आळस नको.' तिथं आता काम बघते ती ल्युडमिला रशियातून आलेली, तिला त्यातलं एक अक्षर वाचता येत नाही, मावशीनंच तिला ते काम तोंडी शिकवलेलं. पण ती व्हिनेगरची बाटली घेऊनच येत होती. मी विचारलं, पट्टी आज धुवायची का? तिनं कागदाकडे बोट दाखवलं.

"अबीगेल सांगते ना," ती म्हणाली आणि कामाला लागली.