आत्याच्या नवऱ्याचा पालाशविधी

आमची आत्या झाशीहून माहेरी आली ती एकटीच. गोऱ्यांनी शहर घेतलं, घरोघर शिरून माणसं कापली, आणि ही गवताच्या गंजीत लपली म्हणून वाचली. सासरचं दुसरं कुणी उरलं नाही. नवऱ्याचं आणि तान्ह्या मुलाचं काय झालं असं विचारलं, की म्हणायची, "पुढे निघून गेलेत. येतील."

माझा जन्म त्यानंतरचा, कल्याणच्या घरातला. मला आठवते ती ठसठशीत कुंकवाची, तिखट जिभेची आत्या. परसातल्या गंजीमागे आम्ही मुली लपाछपी खेळलो, की दंडाला धरून बाहेर ओढायची आणि मग स्वतःच थरथरत बसायची. दिवाळीत बार उडाला की ही फडताळाआड. आम्ही मेल्या हसायचो. काय कळत होतं आम्हाला?

बारा वर्षं उलटली तशी भाऊबंदांची कुजबुज सुरू झाली. बेपत्ता माणसाचा पालाशविधी करायला हवा. पळसाच्या देठांचा पुतळा मांडून त्याला अग्नी द्यायचा. म्हणजे आत्याचं कुंकू जाणार, केस जाणार. त्या लोकांचा मला तेव्हा संताप आला होता, तो अजून गेलेला नाही. तिला दोन घास ते घालत होते काय? पण आजोबांनी मान खाली घातली आणि हो म्हटलं. आत्याने त्या दिवसापासून बोलणंच टाकलं.

विधीच्या सकाळी भटजींनी परसात दर्भ अंथरला, डोक्याच्या जागी नारळ ठेवला, देठांचे हातपाय सरळ मांडले. तेवढ्यात आत्या पायऱ्या उतरून आली. आजोबा धडपडत उठले. त्यांना वाटलं, ही आता सगळं उधळून लावणार. ती पुतळ्यापाशी बसली आणि त्याचे हात हलकेच वळवून छातीशी आणले.

"ते असे पडले होते, आबा. मी गंजीतून बघत होते."

मग उरलेल्या देठांतले बारके बारके तिने वेचले, आणखी मोडून आखूड केले आणि त्या हातांच्या आत नीट निजवले. माझी आई तोंडात पदर कोंबून रडू लागली.

भटजी चाचरले. "बाई, दात न आलेल्या मुलाला अग्नी नसतो. पुरायचं असतं."

"आले होते," आत्या म्हणाली. "दोन. खालचे."

भटजींनी दोघांवर पाणी शिंपडलं आणि मंत्र सुरू केले. खाडीवरच्या स्मशानात दोघांना एकत्रच नेलं.