एका कुटुंबाचं एक मत

शनिवार, ७ फेब्रुवारी. दुबईच्या मराठी मंडळाच्या संध्याकाळच्या कार्यक्रमासाठी मी कोथिंबीर वड्या कापत होते. पर्समध्ये अर्ज होता. मंडळात एका कुटुंबाला एकच मत, तेही नवऱ्याचं. तो नियम बदला, एवढंच त्यात होतं. नऊ बायकांच्या सह्या. अर्ज द्यायची मुदत रविवारपर्यंत. मंडळाचे अध्यक्ष म्हणजे माझ्या नवऱ्याचे जबल अलीच्या कंपनीतले मॅनेजर. नवऱ्याचं कॉन्ट्रॅक्ट पुढच्या महिन्यात रिन्यू व्हायचं होतं. ते गेलं की व्हिसा गेला, मुलीची दहावी अर्धवट.

शारजातल्या अल मजाजच्या घरून दुबईत मनखूलच्या हॉलवर पोचलो. अध्यक्षांनी शंभर वर्षांपूर्वीचा मूक विनोदी चित्रपट आणला होता. मताचा हक्क मागणाऱ्या बायका मोर्चा काढतात, घरी नवरा दूध उतू घालवतो, बाळाला उलटं धरतो. पुढारी बाईचं काम एका दांडग्या पुरुषाने केलेलं. मधूनमधून इंग्रजी पाट्या येत, त्या मराठीत मोठ्याने वाचायला मला उभं केलं होतं.

"बघा वहिनी, अर्ज करायच्या आधी नीट बघून घ्या!" अध्यक्ष पहिल्या रांगेतून म्हणाले. हॉल हसला. सह्या करणाऱ्याही हसल्या. म्हणजे अर्जाची बातमी अध्यक्षांपर्यंत पोचली होती.

शेवटी नायिका रडत घरी येते. पाटी आली : मला माफ करा, मला मत नको. मी वाचली नाही.

"वहिनी, वाचा की!"

"सोपं इंग्रजी आहे साहेब. तुम्हीच वाचा."

या वेळी कोणी हसलं नाही. वड्या तशाच उरल्या.

परतताना नवरा म्हणाला, "रिन्युअल होऊ दे गं. मग काय ते कर."

"मग मुदत कुठे राहील?"

"तुला भीती नाही वाटत?"

"वाटते. एसी कमी कर."

मागून मुलगी म्हणाली, "मॉम, यू आर शिव्हरिंग."

घरी पोचेपर्यंत सह्या करणाऱ्यांपैकी दोघींचे मेसेज आले : आमचं नाव काढ. रात्रभर डोळा लागला नाही.

सकाळी पट्टी धरून दोन सह्या खोडल्या, अर्जाची झेरॉक्स काढली आणि मंडळाच्या सेक्रेटरींच्या दाराची बेल वाजवली. ते म्हणाले, "ठेवा, बघतो." मी पोच घ्यायला झेरॉक्स पुढे केली. तिच्यावर तारीख, वेळ आणि त्यांची सही मिळेपर्यंत उंबऱ्यावरून हलले नाही.