उजेडासाठी कापलेला पत्रा

बहिणीला बघायला टेंभुर्णीचं स्थळ येणार म्हटल्यावर वडिलांना एकदम आमच्या ओसरीवरचा अंधार दिसायला लागला. आधीचं स्थळ मुलगी सावळी म्हणून परत गेलं होतं, आणि त्याचं खापर त्यांनी छपरावर फोडलं होतं. म्हणून तेव्हा नवीनच निघालेला, आरपार उजेड येणारा फायबरग्लासचा पत्रा आला. तो हातभर जास्तच लांब निघाला. घरातला शिकलेला म्हणून कापायचं काम माझ्या गळ्यात.

फर्निचरवाल्याकडून विजेची करवत आणली. त्यानं सांगितलं तसं बारीक दात्यांचं पातं बसवलं, रेघेवर चिकटपट्टी लावली, खाली फळ्या दिल्या, तोंडाला उपरणं बांधलं, डोळ्यांवर शेजाऱ्यांचा गॉगल. भुसा लई वाईट, असंही तो म्हणाला होता. भुसा पसरू नये म्हणून मी घरच्या मागावरच्या कोऱ्या चादरी खाली अंथरल्या. विणकराच्या घरात दुसरं काय अंथरणार? कड अशी निघाली, जशी सुरीनं कापलेली वडी. चादरी झटकल्या, घड्या घालून आत दिल्या. अंगणात कण नाही. आईनंसुद्धा नावं ठेवली नाहीत.

दुसऱ्या दिवशी पाहुण्यांचा मान म्हणून कोऱ्या चादरी मीच अंथरल्या. ओसरीवर नव्या पत्र्यातून झकास उजेड पडला होता. थोड्या वेळानं मुलाच्या वडिलांनी पोटरी खाजवली. मग मुलाच्या आईनं मान. मग मुलानं मनगटं. मला ढेकणांचा संशय आला, वडिलांना भज्यांच्या तेलाचा. तेवढ्यात आम्ही दोघंही खाजवायला लागलो. आता तेलही बाद, कारण भजी आम्हाला मिळालीच नव्हती.

मुलाची आई आमच्याकडं रोखून बघत होती. शेवटी तिनं विचारलं, "घरात कुणाला कातडीचं काय हाय का?"

म्हणजे स्थळ उठलंच. मी वर पत्र्याकडं बघत बसलो, जणू तोच उत्तर देणार.

तेवढ्यात बहीण चहा घेऊन आली. विचारल्याशिवाय बोलायचं नाही, असं तिला सकाळपासून पढवलं होतं. तिनं चादरी पाहिल्या, मुलाची लाल मनगटं पाहिली आणि ट्रे खाली ठेवला.

"खाजवू नका, अजून आत जातं ते. दादानं पत्रा कापला ना, त्याचा भुसा हाय चादरीत. घड्या ठेवल्यापासून माझेबी हात जळत होते, गार पाण्यानं थांबले. मोरीत चला."

मुलगा उठला आणि खरंच तिच्या मागं गेला. ती तांब्यानं ओततेय, तो मनगटं पुढं करून उभा. मुलगी बघायचा कार्यक्रम मोडला की चालूच आहे, आम्हाला कुणालाच कळेना. मग त्याची आई पदर खोचून उठली.

"पोरी, मलाबी वत की."

संध्याकाळी ती मंडळी आमच्या घरचे कपडे घालून टेंभुर्णीला गेली. कपडे परत द्यायला आली, ती होकार घेऊनच.