आते म्हणजे थोरली

सिनेमात बाई रडायला लागली की तुम्हाला तिचा राग येतो का? मला यायचा. आमच्या घरात पुस्तकांच्या आधी चळवळीची पत्रकं आली. वडील ती लिहायचे, मी त्या पत्रकांवरच वाचायला शिकले, आणि पत्रकातली बाई कधी रडत नसे. ती एक तर पिचलेली असे, नाही तर पेटून उठलेली. मधली कुणी नसे.

शिक्षण संपल्यावर २०१४ च्या किवीच्या हंगामात मी न्यूझीलंडमध्ये टौरंगाच्या एका पॅकहाउसमध्ये लागले. सरकत्या पट्ट्यावरून डागी फळं वेचायचं काम. माझ्या पट्ट्यावर बऱ्याच फिलिपिनो बायका होत्या आणि त्या सगळ्या एकीला ‘आते’ म्हणायच्या. आमच्याकडे बापाच्या बहिणीला आते म्हणतात. शेवटी मी तिला विचारलंच, "या सगळ्या तुझ्या भावांच्या मुली?"

पट्टा थांबेल इतक्या हसल्या त्या. त्यांच्यात आते म्हणजे थोरली बहीण. आमचा अर्थ ऐकून ती म्हणाली, "म्हणजे मी तुझ्या बापाची बहीण? तो दिसायला कसा आहे ते आधी सांग."

मग मीही तिला आतेच म्हणू लागले.

ती तिच्या देशात नर्स होती. इथे नोंदणी व्हायला एक कोर्स करावा लागतो, त्यात तिला नुकतीच जागा मिळाली होती. पण घरी आईचं अंग लुळं पडलं होतं, आणि धाकट्या भावाचं म्हणणं होतं की आतेनेच परत यावं. बाकीच्या भावंडांना संसार होते, तिला नव्हता. रविवारी दुपारी तो उत्तरासाठी फोन करणार होता.

"एकटी बसले तर हो म्हणून टाकीन," ती म्हणाली. म्हणून त्या रविवारी आम्ही पाच-सहा जणी तिच्या घरी जमलो. कुणीतरी त्यांच्या भाषेतला सिनेमा लावला. खाली इंग्रजी ओळी येत होत्या.

गोष्ट साधी होती. शाळा सोडून भावंडांना वाढवलेली थोरली बहीण. जेवणाच्या टेबलाशी सगळे तिच्या पुढच्या आयुष्याचं ठरवताहेत आणि ती भात वाढतेय. वाढता वाढता ती रडू लागली. मी सवयीने तोंड फिरवणार, इतक्यात ती खुर्ची ओढून बसली आणि बोलू लागली. नाक गळतंय, आवाज फाटतोय, पण एकही वाक्य चुकत नव्हतं. कुणाला काय दिलं, त्यासाठी स्वतःचं काय सोडलं, सगळं क्रमाने. घोषणा एकही नाही. रडणं थांबवून मग लढायचं असतं, असं मला शिकवलं होतं. ही दोन्ही एकदमच करत होती.

"उशिरा तोंड उघडलंस गं बाई," एकजण पडद्याला म्हणाली.

"तोंडात सगळ्यांचा उष्टा भात होता ना," दुसरी म्हणाली.

मला माझी खरी आते आठवली. स्त्रीमुक्तीच्या पत्रकांना रात्रंदिवस घड्या घालणारी. तिची शाळा नववीत का सुटली, हे त्या घरात मीही कधी विचारलं नव्हतं.

फोन वाजला. आतेने तो सगळ्यांसमोर घेतला. पलीकडून भाऊ दर वाक्याला ‘आते, आते’ करत होता, लाडाने, मग चिडून. तीही रडत होती. मला तिच्या बोलण्यातला एकच शब्द कळला, "हिंदी." थोड्या वेळाने पुन्हा, "हिंदी."

मी शेजारणीला हळूच विचारलं, "हिंदीचं काय?"

"हिंदी म्हणजे नाही," ती कुजबुजली. "आज पहिल्यांदा म्हणतेय."

फोन ठेवून आतेने चेहरा पुसला, आणि आईसाठी भावंडांनी पाळ्या कशा लावाव्यात हे कागदावर लिहायला घेतलं. त्यात तिचं नाव दर वर्षाच्या सुट्टीपुरतं होतं. त्या कागदाइतकं धीट पत्रक मी अजून वाचलेलं नाही.

तुमच्या घरातही अशी एक थोरली असेल. आज तिला फोन करा. काही मागू नका. तिचं काय शिकायचं राहिलं ते विचारा, आणि ती रडू लागली तर फोन ठेवू नका, तिचं पूर्ण ऐका.